‘अनन्या’ : अद्वितीय, एकनिष्ठ की अभिन्न?

आत्याबाई

माझ्या भावाला मागच्या महिन्यात मुलगी झाली आणि घरात फारशी वादावादी न होता तिचे नाव ‘अनन्या’ ठरले. बारशाची पत्रिका तयार करण्याचे काम आत्या या नात्याने माझ्याकडे आले. हल्ली पत्रिकेत नावाखाली त्याचा अर्थ छापण्याची पद्धत असल्यामुळे मी महाजालावर शोध घेतला. बहुतेक ठिकाणी एकच मजकूर थोड्याफार फरकाने सापडला, आणि तो मी मसुद्यात उतरवला : ‘अनन्या, म्हणजे अद्वितीय, जिच्यासारखी दुसरी कोणी नाही अशी. पार्वतीचे एक नाव. भगवद्गीतेत उल्लेख.’

मसुदा वडिलांना दाखवला. ते निवृत्त संस्कृत शिक्षक आहेत. त्यांनी चष्मा कपाळावर सरकवला, कागद डोळ्यांजवळ नेला आणि एवढेच विचारले, “अनन्या? कोणापासून?” मला प्रश्नच कळला नाही. नाव आहे, त्यात कोणापासून काय असायचे? त्यावर ते म्हणाले, “‘अन्य’ म्हटले की कोणापासून तरी अन्य असावे लागते. मग अनन्य कोणापासून, हे नको का सांगायला?” एवढे बोलून ते फिरायला निघून गेले. शिकवण्याची त्यांची ही रीत आम्हा भावंडांना लहानपणापासून परिचयाची आहे. उत्तर आपण शोधायचे आणि ते परत येतील तेव्हा सांगायचे.

मराठीत ‘अनन्य’ हा शब्द आपण वापरतो, पण तो सुटा क्वचितच येतो. ‘अनन्य भक्ती’, ‘अनन्यभावे शरण जाणे’, ‘अनन्यसाधारण कर्तृत्व’ असे प्रयोग माझ्या कानावर आहेत. यांतल्या शेवटच्या प्रयोगातच ‘दुसरे तसे नाही’ हा अर्थ मला स्पष्ट दिसतो. पहिल्या दोहोंत तो दिसत नाही. अनन्य भक्ती म्हणजे ‘अद्वितीय भक्ती’ असे कोणी म्हणणार नाही. मग मुलीच्या नावात यांपैकी कोणता अर्थ धरायचा? पार्वतीचे नाव हा दावा कितपत खरा आहे? आणि गीतेत हा शब्द नेमका कोठे आणि कोणत्या रूपात येतो? नाव बदलायचे नाही, ते सर्वांना आवडले आहे. परंतु पत्रिकेत छापायचा अर्थ खरा असावा, एवढीच इच्छा आहे.

सायंतारा

आत्याबाई, प्रथम अभिनंदन. माझ्या लेकीच्या वर्गात तीन अनन्या आहेत, त्यामुळे ‘अद्वितीय’ हा अर्थ हजेरी घेणाऱ्या बाईंना तरी पटत नसावा. गंमत बाजूला ठेवते. माझे मत असे की लोक ज्या अर्थाने नाव ठेवतात तोच त्या नावाचा अर्थ. आज घरोघरी ‘एकमेव’ याच भावनेने हे नाव ठेवले जाते. हजार वर्षांपूर्वी तो शब्द काय सांगत होता, याचे ओझे बाळाच्या पाळण्यावर कशाला?

विग्रह

ओझे नव्हे, पण नावाची घडण पाहण्यासारखी आहे, आणि आत्याबाईंच्या वडिलांचा प्रश्न अगदी मर्मावर बोट ठेवणारा आहे.

मूळ शब्द ‘अन्य’. त्याचे स्त्रीलिंगी रूप ‘अन्या’, म्हणजे दुसरी. त्याला नकार जोडायचा. संस्कृतात समासातल्या ‘न’ मधले ‘न्’ हे व्यंजन लोपते आणि ‘अ’ उरतो. परंतु पुढचा शब्द स्वराने सुरू होत असेल, तर मध्ये एक ‘न्’ येऊन बसतो. पाणिनीची ‘नलोपो नञः’ आणि ‘तस्मान्नुडचि’ ही लागोपाठची दोन सूत्रे एवढेच सांगतात. म्हणून अ + न् + अन्या = अनन्या. अनघा, अनुपमा, अनसूया या नावांतही हाच ‘न्’ आहे. तो नसता, तर दोन स्वर एकमेकांत मिसळून नकार ऐकूच आला नसता.

आता अर्थ. या एकाच रूपाचे निदान तीन विग्रह होतात आणि सगळा घोटाळा तेथेच आहे. पहिला, ‘न अन्या’, म्हणजे दुसरी नव्हे ती, वेगळी नव्हे ती, अभिन्न. हा नञ् तत्पुरुष. येथे ‘कोणापासून?’ हा प्रश्न टाळताच येत नाही, कारण अभिन्नता दोघांमध्ये असते. दुसरा, ‘जिला अन्य कोणी नाही ती’, म्हणजे जिचे मन, जिचा आश्रय, जिचे ध्येय एकाच ठिकाणी आहे, ती. हा बहुव्रीही झाला आणि ‘एकनिष्ठ’ हा अर्थ येथून येतो. येथेही कोणाविषयी निष्ठा, हा प्रश्न उरतोच. तिसरा, ‘जिच्यासारखी अन्य नाही ती’. हाही बहुव्रीहीच, पण येथे ‘सारखी’ हा शब्द आपण पदरचा घालतो. पत्रिकेत छापायचा ‘अद्वितीय’ हा अर्थ या तिसऱ्या विग्रहातला आहे. तिन्हींपैकी हा एकच विग्रह असा आहे की ज्यात दुसऱ्या कोणाची गरज लागत नाही. एकटे उभे राहणारे नाव हवे असणाऱ्या काळाने नेमका हाच अर्थ उचलावा, यात मला नवल वाटत नाही.

तो चुकीचा मात्र नाही. पुण्यात १८९० मध्ये प्रसिद्ध झालेल्या वामन शिवराम आपटे यांच्या संस्कृत-इंग्रजी कोशात ‘अनन्य’च्या अर्थांत अभिन्न, अविचल आणि एकनिष्ठ यांच्याबरोबर एकमेव हाही अर्थ आहे. फरक आहे तो पंक्तीतल्या मानाचा. जुन्या वाङ्मयात पहिले दोन अर्थ पाटावर बसलेले आहेत आणि तिसरा दारात उभा आहे. आज उलट झाले आहे.

जुनी वही

गीतेपुरते मी सांगते. पाठ करून चाळीस वर्षे झाली, पण अजून पुस्तक उघडावे लागत नाही.

नावांच्या याद्यांमध्ये ज्याकडे बोट दाखवले जाते तो नवव्या अध्यायातला बाविसावा श्लोक : ‘अनन्याश्चिन्तयन्तो मां ये जनाः पर्युपासते । तेषां नित्याभियुक्तानां योगक्षेमं वहाम्यहम् ॥’ याचा शेवटचा चरण आयुर्विमा महामंडळाच्या बोधचिन्हामुळे घरोघरी पोहोचलेला आहे. पण या श्लोकातला ‘अनन्याः’ हा शब्द स्त्रीलिंगी नाही. तो ‘जनाः’ या पदाचे विशेषण असल्यामुळे पुल्लिंगी आणि बहुवचनी आहे. दिसायला तो मुलीच्या नावासारखा दिसतो, एवढेच. दुसरे कोणतेही चिंतन न करता माझीच उपासना करणारे लोक, असा त्याचा सरळ अर्थ. शंकराचार्यांनी मात्र येथे ‘अनन्याः’ याचा अर्थ ‘अपृथग्भूताः’ असा केला आहे, म्हणजे वेगळे न राहिलेले, परमात्म्याला आपलाच आत्मा समजणारे. म्हणजे विग्रह यांनी सांगितलेला पहिला आणि दुसरा विग्रह एकाच शब्दावर कसे झुंजतात, ते येथेच पाहायला मिळते. भक्ताला दुसरा विग्रह हवा असतो, अद्वैत मानणाऱ्याला पहिला.

स्त्रीलिंगी रूप हवे असेल, तर आठव्या अध्यायातला बाविसावा श्लोक पाहावा : ‘पुरुषः स परः पार्थ भक्त्या लभ्यस्त्वनन्यया’. तसेच अकराव्यातला चोपन्नावा : ‘भक्त्या त्वनन्यया शक्यः’. दोन्ही ठिकाणी ‘अनन्यया’ ही तृतीया आहे आणि ते भक्तीचे विशेषण आहे. तेव्हा गीतेत अनन्या कोण, असे विचारले, तर उत्तर ‘भक्ती’ असे द्यावे लागेल. तेराव्या अध्यायात ‘मयि चानन्ययोगेन भक्तिरव्यभिचारिणी’ असे जे आले आहे, त्यातही तीच जोडी आहे. ‘अद्वितीय’ हा अर्थ यांपैकी कोठेही लागत नाही.

जाता जाता एक आठवण. रामरक्षेच्या अखेरीस आपण ‘नान्यं जाने नैव जाने न जाने’ म्हणतो. त्यातला ‘नान्यम्’ म्हणजे सुटा केलेला ‘अनन्य’च. तिन्हीसांजेला दिवा लावून हे म्हटलेल्या घरात या नावाचा दुसरा अर्थ कोणाला शिकवावा लागू नये.

आत्याबाई

जुनी वही, तुमचे आभार. वडिलांना ‘गीतेत अनन्या म्हणजे भक्ती’ असे सांगितले. त्यांनी मान डोलावली आणि म्हणाले, “गीतेत विशेषण आहे. नुसती ‘अनन्या’, कर्ता म्हणून, स्वतःबद्दल बोलणारी, ती शोध.” म्हणजे परीक्षा अजून संपलेली नाही. पार्वतीबद्दल कोणी सांगू शकेल का?

कोशकीटक

पार्वतीच्या बाबतीत मी थोडी शोधाशोध केली होती, कारण आमच्या घरीही दोन वर्षांपूर्वी हाच प्रसंग आला होता. उमा, अपर्णा, गौरी, हैमवती, शर्वाणी, मृडानी ही पार्वतीची नावे सर्वश्रुत आहेत आणि कोशात तिच्या नावांच्या ओळीत बसलेली आहेत. ‘अनन्या’ त्या ओळीत मला भेटली नाही. मात्र पार्वतीशी या शब्दाचा संबंध अगदीच नाही, असेही नाही. कालिदासाच्या कुमारसंभवात, तिसऱ्या सर्गात, पार्वती प्रथम शिवाला नमस्कार करते, तेव्हा तो तिला आशीर्वाद देतो : ‘अनन्यभाजं पतिमाप्नुहि’. दुसऱ्या कोणा स्त्रीला न भजणारा पती तुला मिळो. कवी लगेच जोडून सांगतो की शिवाने दिलेला हा आशीर्वाद खराच ठरणारा होता. आशीर्वाद देणाराच तो पती व्हायचा होता, ही त्यातली खुबी. लक्षात घ्या, येथे ‘अनन्य’ हे विशेषण पार्वतीचे नाही. एकनिष्ठता मागितली आहे ती नवऱ्याची.

कालिदासाचेच दुसरे उदाहरण याहून धारदार आहे. शाकुंतलाच्या चौथ्या अंकाच्या आरंभी दुर्वास दाराशी येतो आणि शकुंतलेचे लक्ष नसते. तो शाप देतो : ‘विचिन्तयन्ती यमनन्यमानसा तपोधनं वेत्सि न मामुपस्थितम्’. ज्याचे तू दुसरीकडे मन न जाऊ देता चिंतन करीत आहेस आणि दारी आलेल्या मला ओळखत नाहीस, तो आठवण करून दिली तरी तुला ओळखणार नाही. गीतेत जो गुण योगक्षेमाची हमी मिळवून देतो, तोच गुण येथे अपराध ठरला आहे. अनन्यमनस्कतेची किंमत मोजणारी ही एकटीच नायिका आणि तिची कथा आपल्याला तोंडपाठ असूनही या शब्दाकडे कधी लक्ष जात नाही. माझेही गेले नव्हते.

पत्रिकेतले ‘पार्वतीचे एक नाव’ मात्र मी काढून टाकीन.

सायंतारा

हे सर्व वाचून माझी शंका उलट वाढली आहे. भक्ती असो की शकुंतला, प्रत्येक ठिकाणी अनन्या कोणाच्या तरी ठायी लीन आहे. देवाच्या नाही तर राजाच्या. आजच्या मुलीला ‘तू दुसऱ्या कोणाहून वेगळी नाहीस’ किंवा ‘तुला दुसरा आधार नाही’ असे का सांगावे? त्यापेक्षा ‘तुझ्यासारखी तूच’ हा महाजालावरचा उथळ अर्थ मला अधिक सन्मानाचा वाटतो. कोशांनी रागावू नये.

जुनी वही

सायंतारा, राग कशाचा? शंका रास्त आहे. पण आत्याबाईंच्या वडिलांनी जी अनन्या शोधायला सांगितली, ती बहुधा मला सापडली आहे आणि तिचे बोलणे ऐकल्यावर तुमचे मत थोडे तरी हलेल.

वाल्मीकी रामायणाचे सुंदरकांड, प्रचलित पाठातला एकविसावा सर्ग. अशोकवनात रावण येऊन सीतेपुढे ऐश्वर्याची यादी वाचतो. सीता दोघांच्या मध्ये गवताची एक काडी ठेवते आणि मग उत्तर देते. त्या उत्तरात हा श्लोक आहे : ‘शक्या लोभयितुं नाहमैश्वर्येण धनेन वा । अनन्या राघवेणाहं भास्करेण प्रभा यथा ॥’ ऐश्वर्याने वा धनाने मला लोभात पाडणे शक्य नाही. जशी प्रभा सूर्याहून, तशी मी राघवाहून अनन्या आहे. येथे ‘अनन्या’ प्रथमेत आहे, एकवचनी आहे, आणि ‘अहम्’ तिच्या शेजारी उभे आहे. वडिलांना हवी होती ती हीच असावी. त्यांच्या ‘कोणापासून?’ या प्रश्नाचे उत्तरही श्लोकातच आहे.

आता तुमच्या आक्षेपाकडे येते. हे वाक्य ती कोणाला आणि केव्हा म्हणते, ते पाहा. ती कैदेत आहे, भोवती राक्षसींचा पहारा आहे आणि समोर त्या बेटाचा धनी उभा आहे. अशा वेळी ‘अनन्या’ हा शब्द लीनतेचा राहत नाही. तो नकाराचा होतो. ‘तू मला विकत घेऊ शकत नाहीस’ हे सांगण्यासाठी तिने तो निवडला आहे. शिवाय उपमा प्रभेची आहे. प्रभा सूर्याची दासी नसते. प्रभेवाचून सूर्य कसा असेल, हाही प्रश्न त्या उपमेत दडलेला आहे.

याचा उत्तरार्ध युद्धकांडात आहे. अग्निपरीक्षेनंतर राम म्हणतो, ‘अनन्या हि मया सीता भास्करस्य प्रभा यथा’. शब्द तोच, उपमाही तीच. पण तो हे म्हणतो तेव्हा ती आगीतून बाहेर आलेली असते. सीतेने हे वाक्य गवताच्या काडीच्या आधाराने म्हटले होते आणि रामाला ते म्हणण्यासाठी अग्नीची साक्ष लागली. वाल्मीकीने तीच उपमा दोघांच्या तोंडी घालून काय साधले, यावर मी अनेक वर्षे विचार करीत आहे आणि माझे मत रामाच्या बाजूचे नाही.

सायंतारा

गवताची काडी मला माहीत नव्हती. शंका मागे घेत नाही, पण जरा बाजूला ठेवते.

विग्रह

जुनी वही यांनी दिलेल्या श्लोकात एक व्याकरणी बारकावा आहे, तो सांगितल्यावाचून राहवत नाही. ‘अन्य’ या शब्दाच्या योगाने संस्कृतात पंचमी अपेक्षित असते, म्हणजे ‘राघवात्’. येथे मात्र ‘राघवेण’ अशी तृतीया आहे. तृतीयेत सोबतीचा अर्थ असतो. पंचमी दोघांना तोडून मग त्यांच्यातला फरक नाकारते, तृतीया आधीपासून त्यांना एकत्र धरून बोलते. निदान मला तरी ते वाक्य तसे ऐकू येते.

वेदान्तात हाच शब्द भाववाचक होऊन आला आहे. ब्रह्मसूत्राच्या दुसऱ्या अध्यायात ‘तदनन्यत्वमारम्भणशब्दादिभ्यः’ असे सूत्र आहे. कार्य हे कारणाहून अनन्य आहे, म्हणजे घडा मातीहून वेगळा नाही, असा त्याचा रोख. तेथे अनन्यत्व म्हणजे वेगळेपणाचा अभाव. आपण आज मुलीचे वेगळेपण सांगण्यासाठी जे नाव ठेवतो, ते मुळात वेगळेपण नाकारणारे आहे. शब्दाने एवढी कोलांटउडी मारलेली फार कमी नावे असतील.

धम्मपथिक

या चर्चेत एक धागा सुटला आहे, तो जोडतो. माझ्याही मुलीचे नाव अनन्या आहे, पण आम्ही ते गीतेवरून किंवा रामायणावरून ठेवलेले नाही.

महापरिनिब्बान सुत्तात भगवान बुद्ध आनंदाला सांगतात : ‘अत्तदीपा विहरथ अत्तसरणा अनञ्ञसरणा, धम्मदीपा धम्मसरणा अनञ्ञसरणा’. स्वतःच स्वतःचे दीप व्हा, स्वतःलाच शरण जा, दुसऱ्या कोणाला शरण जाऊ नका. धम्माला दीप माना, धम्मालाच शरण जा, दुसऱ्याला नको. यातला ‘अनञ्ञ’ म्हणजे संस्कृतातला ‘अनन्य’. पालीत ‘न्य’चा ‘ञ्ञ’ होतो, जसा ‘धन्य’चा ‘धञ्ञ’. ‘अत्त दीप भव’ हे शब्द आपल्याकडे अनेक विहारांच्या भिंतींवर दिसतात, पण त्याच वाक्यातला हा पुढचा शब्द सहसा कोणी वाचत नाही.

म्हणजे पाहा, ‘अनन्यशरण’ हा एकच समास. भक्तिमार्गात त्याचा अर्थ ‘देवावाचून दुसरा आधार नाही’ असा होतो आणि बुद्धवचनात ‘स्वतःवाचून आणि धम्मावाचून दुसरा आधार शोधू नका’ असा होतो. सायंतारा यांना जो सन्मान हवा होता, तो मिळवण्यासाठी अर्थ बदलावा लागत नाही. ‘कोणापासून’ या प्रश्नाचे उत्तर बदलले की पुरते. आम्ही मुलीला तिच्या नावाचा अर्थ विचारला की ती ‘दुसऱ्यावर विसंबून न राहणारी’ असे सांगते. ती नऊ वर्षांची आहे आणि गृहपाठ सोडून बाकी सर्व बाबतींत हे खरे आहे.

काठावरचा

एवढ्या उंचीवरून जरा खाली उतरू या, कारण या नावाला रोजच्या व्यवहारात ज्या ठेचा लागतात, त्याही त्याच्या इतिहासात धरायला हव्यात.

पहिली ठेच हाकेची. मराठी घरात कोणतेही नाव पूर्ण उच्चारले जात नाही. अनिल असो, अनंत असो की अनिकेत, त्याचा ‘अन्या’ होतो. माझ्या भाचीचाही झाला. मैदानावरची मुले तिला ‘ए अन्या’ अशीच हाक मारतात. आता विग्रह यांची फोड आठवा. अनन्या मधून पुढचा ‘अन्’ गाळला की नकार गळून पडतो आणि उरते ‘अन्या’, म्हणजे दुसरी, परकी. जुन्या नाट्यशास्त्रीय ग्रंथांत ही परिभाषाच आहे. धनंजयाच्या दशरूपकात नायिकांचे ‘स्वा, अन्या, साधारणस्त्री’ असे तीन प्रकार सांगितले आहेत आणि त्यातली ‘अन्या’ म्हणजे आपली नसलेली. हाक मारणाऱ्या मुलांना हे कोण सांगणार?

दुसरी ठेच विभक्तीची. माझी आई ‘अनन्येला खाऊ दे’ म्हणते, बहीण ‘अनन्याला’ म्हणते. ‘शाळेला’ होते तसे ‘सीतेला’, ‘राधेला’ हे जुन्या पिढीचे वळण आहे. नवीन नावांना हे सामान्यरूप कोणी लावीत नाही. ‘अनन्येला’ ऐकले की नाव एकदम शंभर वर्षांनी जुने झाल्यासारखे वाटते, आणि मला ते आवडते.

तिसरी ठेच लिपीची. देवनागरीत ‘अनन्य’ हा मुलगा आणि ‘अनन्या’ ही मुलगी, केवळ एका कान्याचा फरक. रोमन लिपीत दोघांचीही अक्षरे तीच सहा. बंगालीत तर लिहितात ‘अनन्या’, पण उच्चार ‘अनोन्ना’ असा काहीसा होतो. धम्मपथिक यांनी सांगितलेल्या ‘ञ्ञ’चा हा चुलतभाऊच म्हणावा लागेल.

कोशकीटक

नकारातून घडलेल्या नावांचा विषय निघालाच आहे म्हणून थोडे विषयाच्या कडेने लिहितो. आपल्याकडे मुलींची कितीतरी नावे ‘नाही’ या शब्दावर उभी आहेत. अनघा म्हणजे पाप नाही ती, अनसूया म्हणजे मत्सर नाही ती, अमला म्हणजे मळ नाही ती, अनुपमा म्हणजे उपमा नाही ती. अपर्णेच्या नावाची गोष्ट कालिदासाने सांगितलीच आहे : तप करताना गळून पडलेली पानेही तिने खाल्ली नाहीत. खरे तर ‘जिच्यासारखी दुसरी नाही’ हा अर्थ हवा असेल, तर ‘अनुपमा’ हे नाव त्यासाठीच घडलेले आहे. ते जुने झाले म्हणून तिचा अर्थ काढून घेऊन अनन्येच्या अंगावर चढवला, असे मला वाटते.

नकाराचे दुसरे टोकही याच महाराष्ट्रात आहे. मुलगा हवा असताना मुलगी झाली की तिचे नाव ‘नकुशी’ किंवा ‘नकुसा’ ठेवायचे. सातारा जिल्ह्यात ऑक्टोबर २०११ मध्ये अशा २८५ मुलींना एका कार्यक्रमात नवी नावे देण्यात आली. त्या ‘नको’च्या शेजारी अनन्या, अनघा यांचा ‘अन्’ ठेवून पाहिला की कळते, नकार तोच असतो, तो कशाला लावला यावर सारे ठरते.

शास्त्राची अट पाहणारे कोणी घरात असतील, तर त्यांच्यासाठी एक ओळ. पारस्कर गृह्यसूत्रात मुलीचे नाव विषम अक्षरांचे आणि आकारान्त असावे, असे सांगितले आहे. अनन्या तीन अक्षरी आणि आकारान्त आहे. मनुस्मृतीने मुलीच्या नावासाठी ज्या अटी घातल्या आहेत, त्यांत ‘विस्पष्टार्थम्’ म्हणजे अर्थ स्वच्छ कळणारे, अशीही एक आहे. मनूचे बाकी काही पटो न पटो, एवढ्या लांबलेल्या चर्चेनंतर या अटीत हे नाव बसते असे म्हणण्याचे धाडस मी करणार नाही.

दुर्वांकुर

मी इतका वेळ नुसती वाचत होते. एक लहानशी गोष्ट कोणी सांगितली नाही म्हणून लिहिते. ‘अनन्या’ची मात्रा मोजा : अ लघु, ‘न’ पुढच्या जोडाक्षरामुळे गुरू, न्या गुरू. लघु, गुरू, गुरू म्हणजे ‘य’ गण, आपल्या ‘यमाता’सारखाच. आणि ‘य’ गण चार वेळा आला की भुजंगप्रयात होतो. म्हणजे ‘अनन्या अनन्या अनन्या अनन्या’ हा नुसता नामोच्चार भुजंगप्रयाताचा पूर्ण चरण आहे. मनाच्या श्लोकांच्या चालीवर म्हणून पाहा. संस्कृताचे काटेकोर वाचक येथे संधी व्हायला हवा म्हणतील, पण पाळण्यापाशी संधीचा आग्रह धरू नये.

आत्याबाई

सर्वांचे मनापासून आभार. सुंदरकांडातला श्लोक वडिलांना म्हणून दाखवला. ते ऐकत असताना ओठांनी सोबत म्हणत होते, म्हणजे उत्तर बरोबर होते. धम्मपथिक यांनी दिलेले पाली वचन मात्र त्यांनाही नवीन होते. ते त्यांनी माझ्याकडून वहीत लिहून घेतले आणि ‘ञ्ञ’ दोनदा गिरवला.

पत्रिकेचे असे ठरले आहे : ‘पार्वतीचे एक नाव’ आणि ‘भगवद्गीतेत उल्लेख’ हे दोन्ही काढले. ‘अद्वितीय’ही काढले. वहिनीला सीतेचा श्लोक छापायला नको आहे, कारण त्यामागे रावण आणि पुढे अग्नी येतो, आणि बारशाच्या पत्रिकेत दोघांनाही जागा नाही, हे तिचे म्हणणे मला मान्य आहे. त्यामुळे नावाखाली आता काहीही नाही, केवळ तारीख, वेळ आणि पत्ता आहे. कोणी अर्थ विचारलाच, तर वडील दाराशी खुर्ची टाकून बसणार आहेत.

काल रात्री बाळ काही केल्या झोपेना. तेव्हा आईने दुर्वांकुर यांचा चरण ‘गणाधीश जो ईश’च्या चालीवर म्हणायला घेतला. चौथ्या ‘अनन्या’ला ती थांबायची आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू करायची. बाळ झोपले. वडील पलीकडच्या खोलीतून म्हणाले, “संधी राहिला.”